प्रकाशाचा उपासक

चित्रपट संपून दिवे लागले, की प्रेक्षक घराची वाट धरतात. वाटेत बोलणे चालते ते नायकाच्या अभिनयाचे, नायिकेच्या रूपाचे, गाण्यांच्या चालींचे. क्वचित कोणी दिग्दर्शकाचेही नाव घेतो. परंतु पडद्यावरचे ते सारे जग ज्याच्या नजरेतून आपण पाहिले, त्या छायालेखकाचे नाव फारसे कोणाच्या ओठी येत नाही. त्याचे कामच असे विलक्षण, की ते जितके उत्तम साधावे, तितके ते प्रेक्षकांच्या ध्यानात येऊ नये. खोलीत खिडकीतून ऊन आले आहे, एवढेच आपल्याला जाणवते. ते ऊन कोणा माणसाने मोठ्या खटपटीने तेथे आणून ठेवले आहे, हा विचार मनाला शिवतही नाही. भारतीय चित्रपटाच्या इतिहासात अशा न दिसणाऱ्या खटपटीला ज्यांनी आपले आयुष्य वाहिले, त्यांत बंगालचे सुब्रत मित्र यांचे नाव फार वरचे आहे.

सुब्रत मित्र यांचा जन्म १२ ऑक्टोबर १९३० रोजी कलकत्त्यात, म्हणजे आजच्या कोलकात्यात, एका मध्यमवर्गीय बंगाली कुटुंबात झाला. शाळेत असतानाच सुब्रतला चित्रपटांचा नाद लागला. वर्गातल्या सोबत्यांबरोबर सायकलवर टांग टाकून तो जवळच्या चित्रपटगृहात जाई आणि इंग्लंड-अमेरिकेतून आलेले चित्रपट पाही. डिकन्सच्या कादंबऱ्यांवरून निघालेले 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स' व 'ऑलिव्हर ट्विस्ट' हे इंग्रजी चित्रपट त्याच्या मनात घर करून राहिले. त्यांतील काळोख, धुके आणि मेणबत्तीचा मंद उजेड ज्याने टिपला, त्या गाय ग्रीन नावाच्या छायालेखकाचे काम त्याने फार बारकाईने पाहिले. महाविद्यालयात जाईपर्यंत त्याच्या मनाने घेतले होते, की आपण एक तर वास्तुशिल्पी व्हावे, नाही तर छायालेखक. हे दोन व्यवसाय वरवर पाहता परस्परांपासून दूरचे. पण भिंतीत खिडकी कोठे ठेवायची आणि तीतून येणारा उजेड कोठे पडेल, याचा विचार दोघांनाही करावाच लागतो. सुब्रतने कॅमेरावाल्यांच्या हाताखाली काम मिळते का, याचा पुष्कळ शोध केला. काम काही मिळाले नाही. तेव्हा नाइलाजाने तो विज्ञानाच्या पदवीचा अभ्यास करीत राहिला.

अशा स्थितीत एक योग जुळून आला. फ्रान्सचे विख्यात दिग्दर्शक ज्याँ रेन्वा हे आपल्या 'द रिव्हर' या रंगीत चित्रपटाच्या चित्रीकरणासाठी बंगालमध्ये आले. १९५० च्या सुमाराची ही गोष्ट. ज्याँ रेन्वा हे ओग्युस्त रेन्वा या थोर चित्रकाराचे चिरंजीव, आणि त्यांच्या चित्रपटाचे छायालेखन करणारे क्लोद रेन्वा हे त्याच चित्रकाराचे नातू. जणू रंग आणि प्रकाश यांची विद्या त्या घराण्यात वारशानेच चालत आली होती. सुब्रत त्या मंडळींकडे काम मागण्यास गेला. परंतु नकार घेऊन परत आला. मुलाची तळमळ पाहून वडिलांनी मध्यस्थी केली, आणि अखेर चित्रीकरण चालू असताना बाजूला उभे राहून ते पाहण्याची परवानगी तेवढी त्याला मिळाली. ना वेतन, ना हुद्दा. कोणत्याही वस्तूला हात लावण्याचा अधिकार नाही. फक्त पाहायचे.

एकोणीस-वीस वर्षांचा तो तरुण रोज तेथे जाऊन पाहू लागला. आणि नुसते पाहून तो थांबला नाही. त्याने एक टिपणवही केली. कोणता दिवा कोठे ठेवला, त्याचा झोत कोणत्या बाजूने आला, कॅमेरा कोठून कोठे सरकला, नट कोठे उभा होता आणि बोलता बोलता कोठे गेला, हे सारे तो त्या वहीत लिहून ठेवी आणि शेजारी आकृत्या काढी. पुढे एकदा असे घडले, की एका प्रसंगाचे पुन्हा चित्रीकरण करणे भाग पडले. आधीच्या वेळी दिवे नेमके कसे लावले होते, हे जुळवून पाहणे आवश्यक होते. नाही तर एकाच प्रसंगाच्या दोन तुकड्यांत उजेडाचा फरक पडला असता. त्या वेळी खुद्द क्लोद रेन्वा यांनी या तरुणाची वही मागवून घेतली आणि तिच्यावरून खात्री करून घेतली. ज्याला कामावर घेण्यास नकार मिळाला होता, त्याच्या टिपणांचा आधार कामाला घ्यावा लागला. शिक्षण म्हणतात ते याहून निराळे काय असते?

याच ठिकाणी सुब्रतची गाठ आणखी दोन माणसांशी पडली. त्यांपैकी एक होते सत्यजित राय. ते त्या वेळी एका जाहिरात कंपनीत चित्रकाराचे काम करीत आणि सवड मिळाली, की रेन्वा यांचे चित्रीकरण पाहण्यास येत. दुसरे होते कलादिग्दर्शनाच्या कामात असलेले बन्सी चंद्रगुप्त. तिघांची मने जुळली. विभूतिभूषण बंद्योपाध्याय यांच्या 'पथेर पांचाली' या कादंबरीवरून चित्रपट काढण्याचा विचार राय यांच्या मनात घोळत होता, आणि त्या चित्रपटाचे छायालेखन सुब्रतनेच करावे, असे त्यांनी ठरविले.

हा निर्णय साधा नव्हता. सुब्रत त्या वेळी जेमतेम एकवीस-बावीस वर्षांचा होता. चित्रपटाचा कॅमेरा त्याने तोपर्यंत कधी चालविलाच नव्हता. राय यांनीही त्याआधी एकही चित्रपट दिग्दर्शित केला नव्हता. ज्यांच्याजवळ पैसा नाही, अनुभव नाही आणि ओळखही नाही, अशा मंडळींनी सारा भार एका नवशिक्यावर टाकावा, हे जाणत्या लोकांना धाडसाचे वाटले. काहींनी शंका बोलूनही दाखविली. परंतु राय आपल्या निवडीवर ठाम राहिले. त्यांना असा छायालेखक हवा होता, की ज्याच्या अंगी चित्रपटधंद्यातील जुन्या सवयी भिनलेल्या नाहीत.

२७ ऑक्टोबर १९५२ रोजी चित्रीकरणास प्रारंभ झाला. काश नावाच्या गवताचे पांढरेशुभ्र तुरे डोलत असलेले एक माळरान, त्यातून चालणारी अपू आणि दुर्गा ही भावंडे, आणि दूरवरून धूर सोडीत येणारी आगगाडी, असा तो प्रसंग. एका दिवसात तो पुरा झाला नाही. उरलेला भाग घेण्यासाठी मंडळी पुढच्या आठवड्यात परत आली, तो माळरान उजाड! मधल्या दिवसांत गुरांनी ते सारे तुरे खाऊन टाकले होते. पुन्हा तुरे येण्यासाठी पुढच्या मोसमापर्यंत थांबण्यावाचून गत्यंतर नव्हते. पैशाची तर नेहमीच ओढ होती. राय यांनी आपला विमा मोडला, पत्नीचे दागिने गहाण पडले. काम काही महिने चाले आणि काही महिने बंद पडे. शेवटी पश्चिम बंगाल सरकारने साहाय्य केले, आणि १९५५ साली चित्रपट लोकांपुढे आला. पुढल्या वर्षी फ्रान्समधील कान येथील महोत्सवात त्याचा गौरव झाला.

या चित्रपटातील बोराल गावची तळी, बांबूची बने, पडकी घरे आणि पहिल्या पावसाचे थेंब पाहताना हे कोणा नवशिक्याचे काम आहे, असे वाटत नाही. एके ठिकाणी खांद्यावर कावड घेतलेला मिठाईवाला पुढे चालला आहे, त्याच्यामागे दोन लहान मुले आणि त्यांच्यामागे एक कुत्रा, अशी वरात तळ्याच्या काठाने जाते. ती आपल्याला दिसते पाण्यातील प्रतिबिंबात, उलटी. घरात पैसा नाही, मिठाई मिळणार नाही, तरी मुलांचा आनंद ओसंडून जात आहे. या प्रसंगामागे जी सतार वाजते, तिचीही हकीकत सांगण्याजोगी आहे. चित्रपटाला संगीत रविशंकर यांचे होते. परंतु त्यांना सवड अगदी थोडी मिळाली आणि बहुतेक सारे संगीत एका रात्रीच्या बैठकीत ध्वनिमुद्रित करावे लागले. या प्रसंगासाठी संगीत उरले नाही. तेव्हा छायालेखकानेच हाती सतार घेतली. सुब्रतबाबू उत्तम सतार वाजवीत.

यापुढे घडले ते समजण्यासाठी त्या काळच्या चित्रपटगृहातील, म्हणजे चित्रपट जेथे तयार होत त्या स्टुडिओतील, रीत थोडी ठाऊक हवी. स्टुडिओच्या छताजवळ चहूकडे फळ्यांचे माळे बांधलेले असत आणि त्यांवर मोठमोठे दिवे ठेवून त्यांचे झोत खाली नटांवर सोडीत. एक प्रखर झोत चेहऱ्यावर, दुसरा पाठीमागून केसांवर, तिसरा भिंतीवर. यामुळे नायिकेचे मुख पौर्णिमेच्या चंद्रासारखे उजळे, हे खरे. परंतु खोली गरिबाची असो की राजाची, वेळ सकाळची असो की तिन्हीसांजेची, उजेड सर्वत्र एकच. समई एका कोपऱ्यात मिणमिणत असे आणि माणसांच्या सावल्या मात्र भलत्याच दिशेला पडत. त्याही दोन-दोन, तीन-तीन. प्रेक्षकांना याची इतकी सवय झाली होती, की त्यात काही चुकते आहे, असे कोणास वाटत नसे. सुब्रतबाबूंना ते सहन होत नसे. उजेड जेथून येतो तेथूनच तो आला पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता. खिडकी असेल तर खिडकीतून, कंदील असेल तर कंदिलातून. बाहेर उघड्यावर, खऱ्या गावात चित्रीकरण करताना हे साधत होते, कारण तेथे सूर्य आपले काम करीत होता. स्टुडिओच्या चार भिंतींत ते कसे साधावे?

हा प्रश्न 'अपराजितो' या चित्रपटाच्या वेळी समोर उभा राहिला. अपू आता आईवडिलांबरोबर काशीला येऊन राहिला आहे. तेथल्या जुन्या घरांची रचना आपल्याकडील वाड्यांसारखी असते. मधोमध चौक, सभोवार खोल्या आणि वर आकाशाचा चौकोनी तुकडा. अशा चौकात ऊन क्वचितच थेट उतरते. आकाशाचा उजेड वरून झिरपत खाली येतो आणि भिंतींवर आदळत, पसरत, मंद होत तळमजल्यापर्यंत पोहोचतो. तो कोणा एका बाजूने येत नाही, सगळीकडूनच येतो. म्हणून तेथे माणसाची सावली जमिनीवर उमटत नाही. पुण्या-नाशिकचा एखादा जुना वाडा ज्याने पाहिला असेल, त्याला हा उजेड लगेच ओळखू येईल.

काशीचे घाट व गल्ल्या यांचे चित्रीकरण प्रत्यक्ष काशीत करावयाचे होते. घराचा चौक मात्र पावसाच्या भीतीने कलकत्त्यातील स्टुडिओत उभारावा, असे ठरले. सुब्रतबाबूंनी याला कसून विरोध केला. आकाशातून उतरणारा बिनसावलीचा उजेड दिव्यांच्या झोतांनी निर्माण करता येणारच नाही, अशी त्यांची खात्री होती. स्टुडिओत एक दिवा लावला की एक सावली पडणार, दहा लावले की दहा पडणार. काशीच्या गल्लीतून माणूस घरात शिरला की प्रेक्षकाला खरे जग संपून खोटे जग लागल्याचे तत्काळ कळेल, असे त्यांनी राय आणि चंद्रगुप्त या दोघांनाही निकराने सांगितले. वाद पुष्कळ झाला. पण निर्णय बदलला नाही. चौक स्टुडिओतच उभा राहिला.

वादात हार झाली म्हणून रुसून बसणारे ते गृहस्थ नव्हते. चौकात आकाश नाही हीच जर अडचण, तर आकाश तयार करावयाचे, असे त्यांनी मनाशी ठरविले. चौकाच्या वर, जेथे आकाशाचा तुकडा दिसावयाचा, तेथे त्यांनी चौकटीवर ताणलेले पांढरे कापड बसविले. नंतर दिव्यांची तोंडे नटांकडे न करता त्यांनी ती वर, त्या कापडाकडे वळविली. झोत कापडावर आदळून फुटला, पसरला आणि सौम्य होऊन खाली उतरला. चौकात सावली पडेना. भिंतींवर, पायऱ्यांवर, भांडी घासणाऱ्या आईच्या चेहऱ्यावर तोच उजेड दिसू लागला, जो काशीतील खऱ्याखुऱ्या चौकात दिसतो.

ही युक्ती ऐकावयास सोपी आहे. आणि पुष्कळ मोठ्या युक्त्या ऐकावयास सोप्याच असतात. करावयास ती सोपी नव्हती. कापडावर आदळलेल्या प्रकाशाचा बराच अंश वाया जातो. त्या काळची फिल्म आजच्यासारखी तल्लख नव्हती. थोड्या उजेडात तिच्यावर चित्र नीट उमटत नसे. म्हणून नेहमीपेक्षा अधिक दिवे लावायचे, त्यांचा उकाडा सोसायचा, आणि इतके करून प्रेक्षकाला मात्र दिवे आहेत याची शंकाही येऊ द्यायची नाही, असा हा उद्योग होता. १९५६ साली 'अपराजितो' प्रदर्शित झाला. काशीच्या खऱ्या गल्ल्या कोठे संपतात आणि कलकत्त्याचा खोटा चौक कोठे सुरू होतो, हे भल्याभल्यांना ओळखता आले नाही. परावर्तित प्रकाशाच्या या पद्धतीला चित्रपटाच्या धंद्यात 'बाउन्स लायटिंग' म्हणतात. काही वर्षांनी युरोपातील नामवंत छायालेखकांनी हीच वाट धरली आणि तिकडच्या नियतकालिकांत तिची चर्चा झाली, तेव्हा कलकत्त्याच्या मंडळींना ती वाचून मौज वाटली असल्यास नवल नाही. कारण त्यांचे ते रोजचे काम होऊन बसले होते. आज आपल्याकडे कोठेही चित्रीकरण चालू असले, तरी तेथे पांढरी कापडे किंवा थर्माकोलचे पांढरे तक्ते धरून उभी असलेली माणसे दिसतात. हा प्रकाश वळविण्याचाच खटाटोप असतो.

यानंतर सुब्रतबाबूंच्या हातून एकामागून एक नामांकित चित्रपट बाहेर पडले. 'पारस पाथर' आणि 'जलसाघर' हे दोन्ही १९५८ सालचे. 'जलसाघर'मध्ये एका ऱ्हास पावलेल्या जमीनदाराची कथा आहे. वाड्यात उरला आहे तो गाण्याच्या बैठकीचा दिवाणखाना आणि त्यातील झुंबर. त्या झुंबराचे हेलकावे, आरशावरची धूळ आणि एकेक करून विझत जाणाऱ्या मेणबत्त्या यांतून एका घराण्याचा अस्त आपल्याला दिसतो. १९५९ च्या 'अपूर संसार'मध्ये नवी नवरी अपर्णा अपूच्या गरीब खोलीत येते आणि खिडकीच्या फाटक्या पडद्याला पडलेल्या भोकातून बाहेर पाहते. दारिद्र्याचे वर्णन करणारे एकही वाक्य तेथे लागत नाही. १९६० च्या 'देवी'त एका कोवळ्या सुनेला सासरा देवीचा अवतार मानू लागतो. तेथे घरातला काळोख हेच जणू एक पात्र झाले आहे.

नेमक्या याच सुमारास सुब्रतबाबूंना डोळ्यांच्या विकाराने गाठले. ज्याचे सारे जीवन डोळ्यांवर अवलंबून, त्याला यापरते संकट कोणते? १९६१ च्या 'तीन कन्या' या चित्रपटाचे काम त्यांना करता आले नाही. ते त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या सौमेंदू राय यांनी केले. सुदैवाने सुब्रतबाबू पुन्हा कॅमेऱ्यामागे उभे राहू शकले, आणि त्यांनी अंगावर घेतलेले पुढचे काम अधिकच अवघड होते.

ते काम म्हणजे १९६२ चा 'कांचनजंघा', सत्यजित राय यांचा पहिला रंगीत चित्रपट. दार्जिलिंगला सुट्टीसाठी आलेल्या एका धनिक कुटुंबाच्या एकाच दुपारची ही गोष्ट आहे. सारे चित्रीकरण उघड्यावर, आणि दार्जिलिंगची हवा तर घटकेत ऊन, घटकेत ढग, घटकेत दाट धुके अशी! दुसऱ्या कोणी ऊन पडेपर्यंत हात जोडून बसणे पसंत केले असते. या मंडळींनी निराळी व्यवस्था लावली. कोणती पात्रे उन्हात दाखवायची आणि कोणती धुक्यात, हे आधीच ठरलेले होते. ऊन पडले की एका पात्रसमूहाचे काम चाले, धुके उतरले की दुसऱ्याचे. कथेतील मने जसजशी झाकोळतात तसतसे चित्रही झाकोळते, आणि ती मोकळी होतात तेव्हा ढग विरळ होतात. आकाशाचे अनुकरण स्टुडिओत करणाऱ्या छायालेखकाने येथे आकाशाशीच करार केला, असे म्हणावेसे वाटते.

रवींद्रनाथांच्या कथेवरून निघालेला 'चारुलता' हा १९६४ चा चित्रपट कित्येकांच्या मते या जोडीचे सर्वोत्तम काम होय. एकोणिसाव्या शतकातील एक श्रीमंत घर. त्यात पतीच्या सहवासाला पारखी झालेली, वाचनात व भरतकामात वेळ घालविणारी चारू. ती हातात छोटी दुर्बीण घेऊन एका खिडकीकडून दुसऱ्या खिडकीकडे जाते आणि झडपांच्या फटींतून रस्त्यावरची माणसे पाहते. पुढे बागेत ती झोपाळ्यावर बसते. तेथे कॅमेराही तिच्याबरोबर झोके घेतो. त्यामुळे तिचा चेहरा पडद्यावर स्थिर राहतो आणि तिच्यामागची झाडे, आकाश, सारी बाग मात्र मागेपुढे हेलकावत राहते. त्या चेहऱ्यावर क्षणाक्षणाला बदलणारे भाव पाहताना कॅमेरा कोठे बसविला असेल, हा प्रश्न प्रेक्षकाला सुचत नाही. घरातील खोल्या स्टुडिओत उभारलेल्या होत्या. बाउन्स लायटिंगची कला येथे इतकी पक्व झालेली आहे, की सकाळ, दुपार आणि सांज यांचा फरक नुसत्या भिंतीकडे पाहून सांगता येतो.

'नायक' हा १९६६ चा. कलकत्त्याहून दिल्लीस निघालेल्या एका लोकप्रिय नटाचा आगगाडीतील प्रवास त्यात आहे. गाडीचा डबा स्टुडिओत बांधलेला, तरी तो बांधलेला आहे असे एकदाही वाटत नाही. राय यांच्यासाठी सुब्रतबाबूंनी छायालेखन केलेला हा दहावा आणि शेवटचा चित्रपट ठरला. दोघेही आपापल्या कामात काटेकोर, दोघांचीही मते ठाम. राय यांना मध्यंतरी कॅमेरा स्वतः हाताळण्याची गोडी लागली होती. दोन तपस्व्यांना एकच आसन फार काळ पुरत नाही. वाटा निराळ्या झाल्या. या चित्रपटांच्या यशात दिग्दर्शकाचा वाटा किती आणि छायालेखकाचा किती, याची वाटणी कोणी करू जाऊ नये. दुधात साखर विरघळल्यावर ती वेगळी काढता येत नसते. परंतु पुष्कळ ठिकाणी सारे श्रेय एकट्या दिग्दर्शकाच्या पदरात घातले जाते, हा मात्र अन्याय होय.

राय यांच्याखेरीज इतरांसाठीही त्यांनी काम केले. मुंबईत जन्मलेले इस्माईल मर्चंट आणि अमेरिकेचे जेम्स आयव्हरी यांच्या 'द हाउसहोल्डर', 'शेक्सपिअर वाला', 'द गुरु' आणि 'बॉम्बे टॉकी' या चार चित्रपटांचे छायालेखन त्यांचे आहे. शेवटचा १९७० चा असून तो मुंबईच्या चित्रपटसृष्टीभोवतीच गुंफलेला आहे. हिंदीत त्यांचे नाव चिरंतन केले ते 'तीसरी कसम' या १९६६ च्या चित्रपटाने. गीतकार शैलेंद्र यांनी तो फणीश्वरनाथ रेणू यांच्या कथेवरून मोठ्या हौसेने काढला, बासू भट्टाचार्य यांनी दिग्दर्शित केला. बिहारमधील एक भोळा गाडीवान आणि नौटंकीत काम करणारी एक स्त्री यांची ती कथा. राज कपूर आणि वहिदा रहमान हे त्या काळचे आघाडीचे कलावंत. पण त्यांच्यासाठी म्हणून वेगळा झगमगाट सुब्रतबाबूंनी केला नाही. बैलगाडीच्या छपराखाली जेवढा उजेड असावा, तेवढाच तेथे आहे. चित्रपट तिकीटविक्रीत पडला. शैलेंद्रही त्याच वर्षाच्या डिसेंबरात निधन पावले. पुढे त्याच चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले.

एवढी कीर्ती झाल्यावर कामांची रीघ लागावयास हवी होती. ती लागली नाही. सुब्रतबाबूंचा स्वभाव याला कारणीभूत होता. मनासारखी साधने आणि पुरेसा वेळ यांवाचून काम करण्यास ते राजी नसत. घाईने उरकणे त्यांना ठाऊक नव्हते. निर्मात्याला दिवसागणिक पैसा मोजावा लागतो. त्याला असा माणूस परवडत नाही. म्हणून १९७० नंतरची कित्येक वर्षे या थोर छायालेखकाच्या वाट्याला मोजकेच काम आले. हा हट्ट होता की निष्ठा होती, याविषयी मतभेद संभवतो. हट्ट जर म्हटला, तर त्याची किंमत त्यांनी दुसऱ्या कोणाला भरू दिली नाही, एवढे खरे. १९८६ साली रमेश शर्मा यांचा 'न्यू दिल्ली टाइम्स' आला आणि त्याच्या छायालेखनासाठी त्यांना राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. 'पथेर पांचाली'नंतर तीस वर्षांनी! भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली.

१९९३ साली लंडनमध्ये एका प्रयोगशाळेस आग लागली. राय यांच्या अनेक चित्रपटांच्या मूळ फिती तेथे ठेवलेल्या होत्या. अपूच्या तिन्ही चित्रपटांच्या फिती त्या आगीत सापडल्या. काही जळाल्या, काही उष्णतेने वितळून आक्रसल्या. राय त्याआधी एक वर्ष, १९९२ साली, निधन पावले होते. सुब्रतबाबूंच्या हयातीतच त्यांच्या तारुण्यातील सर्वोत्तम कामाची अशी राख झाली.

अखेरच्या काळात ते शिक्षक झाले. कलकत्त्यात सत्यजित राय यांच्या नावाने चित्रपटशिक्षणाची संस्था निघाली, तेथे १९९७ पासून ते छायालेखन शिकवू लागले. ज्याला स्वतःला कोणी रीतसर शिकविले नव्हते, जो दुसऱ्यांच्या चित्रीकरणाच्या कडेला उभा राहून शिकला, त्याच्यापुढे आता विद्यार्थ्यांचे वर्ग भरू लागले. हे काम त्यांनी शेवटपर्यंत केले. डिसेंबर २००१ मध्ये, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

लंडनच्या त्या जळक्या फिती कोणी टाकून दिल्या नव्हत्या. त्या अमेरिकेत जपून ठेवण्यात आल्या होत्या. पुढे तज्ज्ञांनी त्या ओल्या करून मऊ केल्या, तुटलेल्या कडा हाताने सांधल्या आणि 'पथेर पांचाली' व 'अपराजितो' यांचे वाचविण्याजोगे सर्व तुकडे मिळविले. 'अपूर संसार'ची फीत मात्र हाती लागण्यापलीकडे गेली होती. तिच्याऐवजी इतरत्र असलेल्या चांगल्या प्रतींचा आधार घ्यावा लागला. २०१५ साली तिन्ही चित्रपटांच्या नव्या प्रती तयार होऊन पुन्हा पडद्यावर आल्या.